माणूस कोठे आहे ते सांगा

(मंडळाच्या शुक्रवारच्या बैठकीत झालेले भाषण)



चिठ्ठी टाकून वक्ता ठरवण्याची आपल्या मंडळाची पद्धत तुम्हां सर्वांना ठाऊक आहेच. माझी चिठ्ठी निघाली तेव्हा पुष्कळजणींना वाटले असेल की ही आता लोणच्यावर नाहीतर उन्हाळी वाळवणावर बोलणार. मलाही प्रथम तसेच वाटले होते. मी सातवी शिकलेली बाई. चारचौघींत उभे राहून बोलण्याची सवय नाही, म्हणून लिहून आणले आहे. अडखळले तर सांभाळून घ्या.

माझी थोरली मुलगी कायद्याच्या दुसऱ्या वर्षाला आहे. रविवारी दुपारी मी तांदूळ निवडत बसते आणि ती आपला अभ्यास मोठ्याने वाचते, मध्ये मध्ये मला मराठीतून सांगते. एके दिवशी ती म्हणाली, "आई, एका देशात धरलेल्या माणसाला गुपचूप दुसऱ्या देशात नेऊन कोंडायचे, आणि घरी कळवायचेच नाही, असे सरकारांनी केलेले आहे." माझा हात सुपातच राहिला. का राहिला ते आमच्या घरच्या गोष्टीवरून कळेल. ती मी आधी सांगते. धाकट्या भावजयीला विचारूनच सांगते आहे. ती म्हणाली, "ताई, माझे नाव तेवढे घेऊ नका, बाकी सगळे सांगा."

माझा धाकटा भाऊ वेल्डर. तो आखातातल्या एका देशात कामाला होता. दर शुक्रवारी त्याची सुट्टी, म्हणून शुक्रवारी त्याचा फोन यायचा. ७ डिसेंबर २०१२ च्या शुक्रवारी तो बोलला, मुलाला नवे दप्तर घ्या म्हणाला, आणि त्यानंतर फोन बंद. पुढचा शुक्रवार गेला, त्याच्या पुढचाही गेला. कंपनीत विचारावे तर तिथला माणूस म्हणे तो पळून गेला. एजंटाने फोन उचलणेच सोडले. असे सत्तेचाळीस दिवस गेले.

या सत्तेचाळीस दिवसांत संक्रांत आली. भगिनींनो, ज्या बाईचा नवरा कोठे आहे हे ठाऊक नाही तिने हळदीकुंकवाला जावे की न जावे? कोणत्या पोथीत हे लिहिले आहे? एकीने तर, ती तिच्या मनाने वाईट नव्हती, पण भावजयीच्या देखतच शेजारणीला विचारले, "हिला लावायचे ना?" भावजय घरी आली ती न्हाणीघरात जाऊन नळ सोडून बसली. शेवटी आईने तिला बाहेर बोलावले आणि स्वतःच्या हाताने तिच्या कपाळाला कुंकू लावून म्हणाली, "मुलगा माझा आहे. मी सांगते, तो आहे." पण रात्री आईच देवापुढे बसून रडायची, हे मी पाहिले आहे.

पैशाचे तर विचारू नका. खाते भावाच्या नावाचे, कार्ड त्याच्याजवळ. बँकेतला कारकून म्हणाला, "त्यांची सही आणा, नाहीतर दाखला आणा." कसला दाखला ते त्याने सांगितले नाही आणि आम्हीही विचारले नाही. माझ्या मुलीने आता मला सांगितले की बेपत्ता माणसाची सात वर्षे काही खबर आली नाही, तर मग कायदा त्याला गेलेला धरतो. सात वर्षे! तोपर्यंत घरातल्या बाईने काय करायचे?

तो तुरुंगात होता. एजंटाने कागद खोटे केले होते. धरपकड झाली त्यात हा सापडला, आणि आधी एका गावच्या कोठडीत व मग दुसऱ्या गावच्या तुरुंगात गेला. त्याच्या कोठडीतला एक केरळी मुलगा सुटला, त्याने नंबर पाठ करून ठेवला होता, त्याने आम्हाला कळवले. मग वकिलातीत अर्ज झाले आणि वैशाखात भाऊ घरी आला. परदेशात माणूस धरला तर त्याच्या मागणीप्रमाणे त्याच्या देशाच्या वकिलातीला विलंब न लावता कळवायचे, असा राष्ट्राराष्ट्रांमधला करार १९६३ पासून आहे. तो तेव्हा आम्हाला ठाऊक नव्हता आणि त्या तुरुंगातल्या साहेबांना बहुधा आठवला नसावा.

आमचे सत्तेचाळीस दिवसांवर निभावले. शिवाय भावाला कोणी मुद्दाम लपवले नव्हते, तो नुसता बेपर्वाईचा कारभार. परंतु ज्यांना मुद्दाम लपवले त्यांच्या घरी काय झाले असेल, हे मला तेव्हापासून जरा कळू शकते.

आता मूळ विषय. ११ सप्टेंबर २००१ रोजी अतिरेक्यांनी अमेरिकेत विमाने आदळवून सुमारे तीन हजार माणसे मारली. त्यानंतर अमेरिकेच्या गुप्तहेर खात्याने संशय येईल त्याला जगात कोठेही धरावयाचे आणि विमानात घालून तिसऱ्याच देशात न्यावयाचे, असा क्रम मोठ्या प्रमाणावर चालवला. काहींना आपल्याच गुप्त कोठड्यांत ठेवले, काहींना मारझोडीबद्दल कुप्रसिद्ध असलेल्या राजवटींच्या हवाली केले. असे करण्याचे कारण मी मुलीला विचारले. ती म्हणाली, "अगं आई, आपल्या देशात धरले तर कोर्टात उभे करावे लागते. वकील येतो, बायको अर्ज करते, न्यायाधीश विचारतो की माणूस कोठे आहे, हजर करा. विमानात घालून नेला की विचारणारा कोणी उरत नाही." म्हणजे विमान एवढ्याचसाठी, की बायकोचा अर्ज पोचू नये.

त्यातल्या एकाचे नाव माहेर आरार. नाव ऐकून मी दोनदा विचारले, पण खरेच माहेर. आपण एखाद्या कामात माहीर म्हणतो तोच तो अरबी शब्द. हा मूळचा सीरियाचा, सतराव्या वर्षी आईबापांबरोबर कॅनडात गेलेला आणि तेथलाच नागरिक झालेला एंजिनियर. २००२ सालच्या सप्टेंबरात बायकोच्या माहेरी, ट्युनिशियाला, सगळे सुट्टीसाठी गेले होते. कामासाठी हा एकटा आधी निघाला. २६ सप्टेंबरला न्यूयॉर्कला विमान बदलताना त्याला धरले. बायको मोनिया माझिग पाच वर्षांची मुलगी आणि तान्हा मुलगा घेऊन माहेरीच.

मला कॅनडाला, माझ्या घरी पाठवा, सीरियात पाठवलेत तर माझा छळ होईल, अशी विनवणी त्याने केली. ८ ऑक्टोबरला पहाटे उठवून त्याला एका खासगी विमानात घातले आणि जॉर्डनला उतरवून तेथून मोटारीने सीरियात पोचवले. तेथे विजेच्या जाड वायरने मारले. कोठडी तीन फूट रुंद, सहा फूट लांब आणि सात फूट उंच. त्याने स्वतःच तिला थडगे म्हटले आहे. वर एक जाळी, तिच्यातून मांजरे मुतायची.

भगिनींनो, मी आमच्या स्वयंपाकघरात खडूने तीन फूट बाय सहा फूट आखून पाहिले. एक चटई आणि तिच्या कडेला पाण्याचा तांब्या, संपली जागा. माझा नवरा म्हणाला, हे काय चालवले आहेस? मी म्हटले, यात जरा पाच मिनिटे बसून पाहा. तो काही बसला नाही, मीच बसले. दहा महिने आणि दहा दिवस तो माणूस त्या जागेत होता.

आणि मोनिया? नवरा न्यूयॉर्कला अडकला हे तिला कळले, पण पुढे तो तेथूनही नाहीसा झाला. सीरियाने तो आपल्याकडे असल्याचे कबूल केले ते ऑक्टोबरच्या तिसऱ्या आठवड्यात. नंतर ती मुलांना घेऊन कॅनडाला परतली. ही बाई वित्तशास्त्रात पीएच.डी. झालेली, परंतु हाती नोकरी नाही, नवऱ्याचा पगार बंद, घर चालवायला सरकारी मदत घ्यावी लागली. लोकांच्या नजरा तर आपल्याला ठाऊकच आहेत. काहीतरी केले असल्याशिवाय का धरतील, असे म्हणणारे ओटावातही असणार, आपल्या आळीतही होते. तरी ती मंत्र्यांना पत्रे लिही, वर्तमानपत्रांना सांगे, मुलांना घेऊन संसदेपुढे उभी राही. ती गप्प बसली असती तर तो सुटला असता की नाही, देव जाणे.

२००३ च्या ऑक्टोबरात तो घरी आला. पुढे न्यायमूर्ती डेनिस ओकॉनर यांच्या आयोगाने चौकशी केली. २००६ साली अहवाल आला, की या माणसाने कोणताही गुन्हा केल्याचा पुरावा नाही. कॅनडाच्या पोलिसांनी अमेरिकेला चुकीची माहिती दिली होती. २००७ च्या जानेवारीत कॅनडाच्या पंतप्रधानांनी त्यांची व मुलांची माफी मागितली आणि एक कोटी पाच लाख डॉलर भरपाई दिली. अमेरिकेच्या कोर्टांनी मात्र त्याचा दावा चालवूनच घेतला नाही.

आता दुसरे घर. जर्मनीतला खालेद एल-मसरी, मूळचा लेबनॉनचा. २००३ सालच्या शेवटच्या दिवशी बसने मॅसेडोनियाला निघाला होता, तो सरहद्दीवर उतरवला गेला. भलत्याच कोणाच्या नावाशी त्याचे नाव जुळले! नावाच्या घोटाळ्याने आपल्याकडे गॅसचा सिलिंडर दुसऱ्याच्या घरी जातो, येथे माणूस गेला. तेवीस दिवस हॉटेलच्या खोलीत कोंडले, मग विमानतळावर नेऊन मारले, अंगावरचे कपडे कापून काढले, लंगोट बांधला, डोक्यावर पिशवी घातली आणि अफगाणिस्तानात नेले. चार महिन्यांनी चूक झाल्याचे त्यांच्याही ध्यानात आले. मग काय केले? २००४ च्या मे महिन्यात अल्बानियातल्या एका डोंगरी रस्त्यावर रात्रीचे नेऊन सोडले, चालू लाग म्हणाले. पाठीत गोळी घालतील असेच त्याला वाटले.

तो जर्मनीत घरी पोचला तर घर रिकामे. बायको मुलांना घेऊन लेबनॉनला निघून गेली होती. नवरा आपल्याला टाकून गेला असाच तिचा समज झाला होता. मला या सगळ्या हकिगतीत येथे सर्वांत अधिक वाईट वाटले. मार बसला त्याची जखम निदान दाखवता येते. पाच महिने ती बाई दारात उभी राहून काय काय मनात आणत असेल! त्याचा निरोप नाही म्हणजे त्याने निरोप धाडला नाही, असेच बाईमाणसाच्या मनात येते. आमच्या भावजयीच्याही मनात ते एकदा येऊन गेले होते. भाऊ आल्यावर तिने ते त्याला सांगितले आणि कितीतरी दिवस दोघे नीट बोलत नव्हती.

एल-मसरीची हकीगत प्रथम कोणी खरी मानीना. तेव्हा जर्मनीत त्याच्या केसांची तपासणी झाली. उपाशी राहिल्याची आणि दूरच्या देशातल्या पाण्याअन्नाची खूण केसांत राहते म्हणे, आणि ती त्याच्या सांगण्याशी जुळली. विमानांचे पत्ते लागले त्याचीही अशीच एक मजा आहे. विमानतळाच्या कुंपणापाशी उभे राहून येणाऱ्याजाणाऱ्या विमानांचे नंबर टिपण्याचा काही लोकांना छंद असतो. आपल्या आळीतल्या काही भगिनी खिडकीत बसून कोण आले कोण गेले ते पाहतात, तसेच. (हसू नका, मी नाव घेतलेले नाही.) त्यांच्या वह्यांतले नंबर पुढे पत्रकारांना फार उपयोगी पडले.

१३ डिसेंबर २०१२ रोजी युरोपच्या मानवी हक्क न्यायालयाने मॅसेडोनियाला दोषी धरून त्याला साठ हजार युरो द्यावयास लावले. मी तारीख पाहिली. त्या दिवशी आमच्या भावाची खबर नव्हती, सहा दिवस झाले होते. मॅसेडोनियाने माफी मागितली ती २०१८ साली. तोपर्यंत त्या माणसाचे डोके ठिकाणावर राहिले नव्हते. मधल्या काळात त्याने जाळपोळ केली, मारामारी केली, खरोखरीच्या तुरुंगात गेला. जे त्याला करायला नको होते ते नकोच होते. पण त्याचा हिशेब मी साठ हजार युरोत बसवू शकत नाही.

तिसरी हकीगत थोडक्यात सांगते, कारण ती वाचताना मला सूप खाली ठेवावे लागले. फातिमा बूदशार ही मोरोक्कोची. नवरा लिबियातल्या गडाफीच्या राजवटीविरुद्धच्या लोकांचा पुढारी. ती स्वतः कशातच नाही, साडेचार महिन्यांची गरोदर. २००४ च्या मार्चमध्ये बँकॉकला दोघांना धरले. तिला भिंतीला साखळीने बांधून ठेवले. मग स्ट्रेचरवर घालून डोक्यापासून पायापर्यंत चिकटपट्टी गुंडाळली. गुंडाळताना एक डोळा मिटलेला राहिला, दुसरा उघडाच चिकटला गेला. तसा तो उघडा डोळा घेऊन सतरा तास विमानात! ज्यांना पोटुशी बाईच्या पोटावर पट्टी आवळताना काही वाटले नाही, त्यांनाही आया असतीलच.

लिबियाच्या तुरुंगातून तिला बाळंतपणाच्या थोडे आधी सोडले. मूल झाले ते चार पौंडांचे. नवरा सहा वर्षे आत. ब्रिटिशांच्या हेरखात्याने यात मदत केली होती, हे गडाफी गेल्यावर २०११ साली तेथल्या कचेरीत सापडलेल्या पत्रांवरून उघडे पडले. १० मे २०१८ रोजी ब्रिटनच्या संसदेत सरकारने दोघांची माफी मागितली. तेव्हा फातिमा प्रेक्षकांच्या सज्जात बसली होती आणि शेजारी तिचा तो मुलगा, चौदा वर्षांचा झालेला. नवऱ्याने पैसे मागितलेच नव्हते, एक पौंड आणि माफी एवढेच त्याचे मागणे होते. सरकारने पाच लाख पौंड दिले ते तिला.

अशी किती माणसे असतील? २०१३ साली अमेरिकेतल्या एका संस्थेने १३६ माणसांची नावे छापली आणि ५४ देशांच्या सरकारांनी या ना त्या रीतीने हातभार लावल्याचे दाखवले. २०१४ साली अमेरिकेच्याच सिनेटच्या समितीने सांगितले, की गुप्तहेर खात्याच्या कोठड्यांत ११९ जण होते आणि त्यांपैकी निदान २६ जणांना धरण्यास त्या खात्याच्या स्वतःच्या नियमानेही आधार नव्हता.

कोणी म्हणेल, बाई, तुम्हाला अतिरेक्यांचा पुळका आला का? मुळीच नाही. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री आपले कितीतरी लोक मुंबईत मेले, ते आपण कोणीच विसरलेलो नाही. पण त्यातला जिवंत सापडलेला कसाब, त्याला आपण कोठे विमानात घालून पाठवला नाही. मुंबईतच खटला चालला, त्याला वकील दिला, वरच्या कोर्टांपर्यंत निकाल गेला आणि मग २०१२ साली फाशी झाली. इतक्या मोठ्या पापाला जर एवढे करता येते, तर नाव चुकलेल्या माणसाला का करता येऊ नये, हे मला कळत नाही.

आमच्या वडीलधाऱ्या आत्याबाई येथे पुढेच बसल्या आहेत, त्यांना मोहन रानडे आठवतील. गोव्याच्या लढ्यात १९५५ साली पोर्तुगीजांनी त्यांना पकडले, पुढे पोर्तुगालच्या तुरुंगात नेले. डिसेंबर १९६१ मध्ये गोवा मुक्त झाला, पण ते सुटले १९६९ च्या जानेवारीत. त्यांना गुपचूप नेले नव्हते, ते कोठे आहेत हे जगाला माहीत होते, म्हणून तर सुधीर फडक्यांसारख्यांना त्यांच्या सुटकेसाठी खटपट करता आली. आत्याबाई सांगतात, गोवा सुटला तेव्हा पेढे वाटले, आणि कोणीतरी म्हणाले, "अजून एक मुलगा यायचा राहिला आहे."

आपल्याकडचे सगळे आलबेल आहे असे मी म्हणत नाही. पण घटनेच्या २२ व्या कलमाप्रमाणे धरलेल्या माणसाला प्रवासाचा वेळ सोडून चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढे उभे करावे लागते, आणि घरच्या माणसाला कळवले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली बजावले आहे. हे मी वहीत लिहून घेतले आहे, तुम्हीही घ्या. चौकीवर साहेब ओरडला तर निदान आपल्याला सालासकट सांगता येईल.

अध्यक्षीणबाई दोनदा घड्याळाकडे पाहून झाल्या, तेव्हा एक सूचना करते आणि बसते. आपल्या आळीतली पुष्कळ मुले सध्या बाहेरदेशी आहेत, काही बोटींवर आहेत. मी एक जाडशी वही आणली आहे. ज्यांचे माणूस बाहेर असेल त्यांनी तीत पासपोर्टचा नंबर, कंपनीचे नाव व पत्ता, एजंटाचे खरे नाव, बरोबर राहणाऱ्या एका तरी माणसाचा फोन आणि तेथल्या आपल्या वकिलातीचा फोन लिहून ठेवावा. वही मंडळाच्या कपाटात राहील, किल्ली कार्यवाहांकडे. माझा भाचा, तोच दप्तरवाला, येत्या महिन्यात बोटीवर चालला आहे. पहिले पान भावजयीने काल रात्री स्वतःच्या हाताने भरले. वही आता मागच्या रांगेतून पुढे येऊ द्या, पेन तिच्यातच अडकवले आहे.